तोफ चांगली होती, मग बोंब कशाची?

कारगिलचं युद्ध संपलं त्या पावसाळ्यापासून एक प्रश्न मी एसटीच्या थांब्यावर, लग्नाच्या पंगतीत, अगदी सलूनच्या खुर्चीतसुद्धा ऐकत आलोय. ‘‘बोफोर्समध्ये कुणी खाल्ले असतील पैसे, पण तोफ चांगली निघाली ना? द्रासच्या डोंगरांवर तिनंच तर काम केलं. मग एवढी बोंब कशाची होती?’’

प्रश्न वाटतो तेवढा भाबडा नाही. तोफेची गरज खरी होती, माल चांगला होता. मधल्यामध्ये कुणाला चार पैसे सुटले, तर ते एका खिशातून दुसऱ्या खिशात गेले, एवढंच. देशाचं त्यात नुकसान नेमकं किती? ‘लाच घेणं पाप आहे’ हे उत्तर इथे चालणार नाही, कारण विचारणाऱ्याला ते ठाऊकच आहे. त्याला हिशेब हवाय. म्हणून या प्रकरणात नीती-अनीती जरा बाजूला ठेवू आणि पाटी-पेन्सिल घेऊन बसू.

१. अठरा तोफा

२४ मार्च १९८६ रोजी भारत सरकारनं स्वीडनच्या बोफोर्स कंपनीशी ४१० हॉवित्झर तोफांचा करार केला. किंमत १,४३७ कोटी रुपये. पुढच्या वर्षी, १६ एप्रिल १९८७ रोजी, स्वीडिश रेडिओनं बातमी दिली की या सौद्यासाठी लाच दिली गेली. आपल्याकडे यावरून जो आकडा सर्वतोमुखी झाला, तो ६४ कोटींचा.

सरळ भागाकार करू. १,४३७ कोटींना ४१० नं भागलं, की तोफेमागे साडेतीन कोटी येतात. (त्यात दारूगोळा, ओढणारी वाहनं, सुटे भाग सगळं आलं, म्हणजे हा भाव नुसत्या तोफेचा नाही. आपल्या कामापुरता तो पुरे.) आता ६४ ला साडेतीननं भागा. उत्तर येतं अठराच्या आसपास. तोफखान्याच्या एका रेजिमेंटकडे साधारण अठराच तोफा असतात. म्हणजे एका अख्ख्या रेजिमेंटची किंमत दलालीत गेली.

कोर्टात काय झालं, तेही सांगून टाकतो, म्हणजे अर्धवट बोलल्यासारखं व्हायला नको. मध्यस्थांना पैसे दिले गेले, हे स्वीडनच्या लेखापरीक्षकांनीच १९८७ मध्ये सांगितलं होतं. तेव्हाच्या पंतप्रधानांनी, राजीव गांधींनी, लाच घेतल्याचा पुरावा नाही, असं दिल्ली उच्च न्यायालयानं २००४ मध्ये म्हटलं. दलालीचा ठपका असलेल्या उद्योगपती हिंदुजा बंधूंवरचे आरोप २००५ मध्ये रद्द झाले. तसाच ठपका असलेले इटालियन व्यापारी क्वात्रोची यांच्यावरचा खटला २०११ मध्ये मिटवण्यात आला. शेवटपर्यंत शिक्षा कुणालाही झाली नाही.

एक रेजिमेंट ही लहान गोष्ट नव्हे. पण माझं म्हणणं असं आहे की या सगळ्या प्रकरणातला तो सर्वांत लहान तोटा होता. लाचेची रक्कम हा लाचेचा खर्चच नव्हे. खर्च दुसरीकडे होतो. तो दिसण्यासाठी आधी एका लग्नाला जावं लागेल.

२. मांडवातला मामा

मुलीचं लग्न आहे. वडील नोकरीच्या गावी, म्हणून केटरर ठरवायचं काम मामाकडे आलं. ताट ३०० रुपये, पानं ५००. केटरर मामाला बाजूला घेऊन सांगतो, ‘‘तुमचं ताटामागे वीस रुपये काढून ठेवतो.’’ मामाला दहा हजार सुटणार. हे दहा हजार भरतो कोण?

वाटा तीनच आहेत. ताट ३२० रुपयांना लावलं, तर वधूपित्याच्या खिशातून गेले. ताट ३०० रुपयांनाच राहिलं आणि बासुंदी पातळ झाली, तर पाहुण्यांच्या पोटातून गेले. तिसरी वाट म्हणजे केटररनं आपल्या नफ्यातून दिले. ही क्वचितच घडते. गावात दुसरा केटररच नाही, हॉल त्याचाच, आणि म्हणून तो आधीच अव्वाच्या सव्वा कमावतोय, असं असेल तरच. अशा जागा अडवून मिळणाऱ्या कमाईला अर्थशास्त्रात ‘खंड’ म्हणतात. कुळानं जमीनमालकाला द्यायचा खंड, तोच शब्द. मालकानं नांगराला हातसुद्धा लावलेला नसतो. जमीन त्याच्या नावावर आहे, एवढ्यावर तो मिळतो.

इथपर्यंत नुकसान दहा हजारांचंच आहे. आता मामाला चटक लागली असं समजा.

मामा म्हणतो, पाचशे कशाला, सातशे पानं सांगून ठेवू, ऐनवेळी कमी पडायला नको. मामा म्हणतो, गावातला तो आचारी नको, त्याच्या हाताला चव राहिली नाही. खरी अडचण ही की त्या आचाऱ्याचा दर अख्ख्या गावाला तोंडपाठ आहे. मामा म्हणतो, हल्ली वरण-भात कोण जेवतं, आपण ‘लाइव्ह काउंटर’ ठेवू, तोंडातून धूर निघणारं आइस्क्रीम ठेवू. त्या धुराचा भाव काय असतो, हे मांडवात कुणालाच ठाऊक नाही. वरण-भातात मामाला काही सुटत नाही, धुरात सुटतं.

मामाला मिळाले काही हजार. पण त्या काही हजारांपायी दोनशे पानं जास्त सांगितली गेली, चांगला आचारी डावलला गेला आणि कुणी न मागितलेला धूर विकत घेतला गेला. वधूपित्याचं नुकसान लाखाच्या घरात गेलं. किती घ्यायचं, कुणाकडून घ्यायचं आणि मुळात काय घ्यायचं, हे तिन्ही निर्णय वाकले. पुढे रडार आणि पाणबुड्या येतील, तेव्हा हा मामा लक्षात असू द्या.

३. शिमग्याची दोरी

त्याआधी लाचेबद्दल आणखी एक गोष्ट समजून घ्यायला हवी. घेणारा एक असेल तर बरं, की दहा असतील तर?

शिमग्यात कोकणात गाडी घेऊन गेला असाल, तर अनुभव असेल. वळणावर पोरं दोरी आडवी धरून उभी असतात. ढोल वाजतो, संकासुर काचेवर येऊन नाचतो, ‘पोस्त’ दिल्याशिवाय दोरी खाली होत नाही. दहा-वीस रुपयांचा मामला, त्यात गंमतही असते. पण समजा त्या रस्त्यावर एकच दोरी आहे आणि ती वर्षभर आहे. ती धरणारा माणूस शहाणा असेल तर काय करेल? बेतानंच मागेल. जास्त मागितलं तर गाड्या दुसऱ्या रस्त्यानं जातील आणि त्याचंच उत्पन्न बुडेल. आता पंधरा गावांच्या पंधरा दोऱ्या आहेत असं समजा. प्रत्येक टोळकं म्हणतं, मी पाच रुपये वाढवले तर काय बिघडलं? तोटा सगळ्यांत वाटला जातो, वाढीव पाच रुपये मात्र एकट्याचे. पंधराही जण असंच म्हणतात आणि रस्ता ओस पडतो. आंद्रेई श्लायफर आणि रॉबर्ट विश्नी या दोन अर्थशास्त्रज्ञांनी १९९३ मध्ये हेच गणित मांडलं: एकमेकांना न विचारता घेणारे अनेक हात हे एका संघटित हातापेक्षा समाजाला जास्त महाग पडतात.

हे नुसतं कागदावरचं गणित नाही. इंडोनेशियाच्या आचे प्रांतात ते रस्त्यावर मोजलं गेलं. तिथे बंडखोर आणि लष्कर यांच्यात वर्षानुवर्षं झुंज चालू होती. रस्त्यावर जागोजागी सैनिकांचे आणि पोलिसांचे नाके. बेंजामिन ओल्केन आणि पॅट्रिक बॅरन या अभ्यासकांनी नामी युक्ती केली. आपली माणसं ट्रकवर क्लीनर म्हणून बसवली. २००५-०६ मध्ये ३०४ फेऱ्यांत त्यांनी सहा हजारांहून जास्त चिरीमिऱ्या डोळ्यांनी पाहून लिहून घेतल्या. फेरीमागे सरासरी वीस वेळा ड्रायव्हरचा हात खिशात जायचा. कुठे पाच-दहा हजार रुपिया, म्हणजे इंडोनेशियाचं चलन, डॉलरमध्ये अर्धा ते एक. कुठे नुसतं सिगारेटचं पाकीट. एकेका नाक्यावर किरकोळ रक्कम, पण फेरीच्या खर्चातले सुमारे तेरा टक्के असेच जात.

शांतता करार नुकताच झाला होता, आणि या फेऱ्या चालू असतानाच लष्कर त्या प्रांतातून मोठ्या प्रमाणावर माघारी गेलं. नाके कमी झाले. उरलेल्या नाक्यांवरचा दर लगेच चढला, म्हणजे पोलिसांनी संधी साधलीच. तरीही ड्रायव्हरच्या खिशातून जाणारी एकूण रक्कम खाली आली. पंधरा दोऱ्यांच्या पाच झाल्या, प्रत्येकानं भाव वाढवला, आणि तरी प्रवास स्वस्त झाला.

नाक्यावरच्या शिपायावर रागावताना एक विसरायला होतं. ती जागा त्यानं बऱ्याचदा विकत घेतलेली असते. रॉबर्ट वेड या अभ्यासकानं १९८२ मध्ये दक्षिण भारतातल्या कालव्यांवरच्या अभियंत्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला. त्यात बदल्यांचा बाजार उघड झाला: जास्त पाणी, जास्त ठेके असलेली जागा महाग, कोरडी जागा स्वस्त. पैसे भरून आलेला माणूस ते वसूल करणारच. तो प्रामाणिक राहिला तर दुसरा कुणी जास्त बोली लावून त्या खुर्चीत येतो.

आणखी एक भेद इथेच करून ठेवू. ट्रकवाल्याला रस्त्यानं जायचा हक्क आहे. तो हक्काच्याच गोष्टीसाठी पैसे मोजतो. वारसनोंदीसाठी खेटे घालणारा शेतकरी याच जातीचा. मामा आणि केटरर मात्र दोघं मिळून तिसऱ्याला लुटतात. कौशिक बसू भारत सरकारचे मुख्य आर्थिक सल्लागार असताना २०११ मध्ये त्यांनी सुचवलं की पहिल्या जातीच्या लाचेत देणाऱ्याला गुन्हेगार धरू नये, म्हणजे तो नंतर तक्रार करायला मोकळा राहील. केवढा गदारोळ झाला होता! २०१८ च्या दुरुस्तीनं कायदा अर्धाच त्या दिशेला गेला: देणाराही गुन्हेगार, पण जबरदस्तीनं द्यावी लागली आणि सात दिवसांत कळवलं, तर सुटका.

शस्त्रांच्या सौद्यात मात्र सात दिवसांनी तक्रार करायला कुणी येत नाही. तिथे मामा आणि केटरर दोघंही खूश असतात.

४. अंड्याचा भाव

रॉबर्ट क्लिटगार्ड या अर्थशास्त्रज्ञानं १९८८ मध्ये एक सोपं सूत्र दिलं. मराठीत ते मी असं म्हणतो: भ्रष्टाचार म्हणजे मक्तेदारी अधिक मर्जी, वजा जाब. माल किंवा परवाना एकाच्याच हातात असला, कुणाला द्यायचा ते त्याच्या मर्जीवर असलं आणि जाब विचारणारं कुणी नसलं, की तिथे पैसा फिरतो.

हे सूत्र शस्त्रखरेदीला लावून पाहा. पाणबुडी बनवणारे जगात हातावर मोजण्याइतके. कोणती चांगली हे ठरवणारे चार तज्ज्ञ, आणि त्यांचे निकष तुम्हा-आम्हाला कळण्यापलीकडचे. जाब विचारला तर उत्तर तयार: राष्ट्रीय सुरक्षा. एका खात्यात तिन्ही गोष्टी इतक्या ठासून भरलेल्या दुसरीकडे सापडायच्या नाहीत.

यातली खरी मेख भावात आहे. जानेवारी २०२३ मध्ये, ऐन युद्धात, युक्रेनच्या पत्रकारांच्या हाती संरक्षण मंत्रालयाचा सैनिकांच्या जेवणाचा करार लागला. त्यात एका अंड्याचा दर १७ रिव्निया होता. राजधानी कीव्हमधल्या दुकानात अंडं सातच्या आसपास मिळत होतं. देश हादरला. मंत्रालयानं नग आणि किलो यांत घोळ झाल्याचा खुलासा केला. तो कुणाच्या गळी उतरला नाही. उपमंत्री गेले, सप्टेंबरमध्ये संरक्षणमंत्रीही बदलले.

त्याच मंत्रालयानं त्याच वर्षी अंड्यांच्या कैक पट रकमेची क्षेपणास्त्रं, तोफगोळे, ड्रोन घेतले. त्यांच्या भावावरून बाजारातल्या बाईनं भुवई उंचावली नाही, कारण तोफगोळ्याचा भाव तिला माहीत नाही. तो कुणालाच माहीत नसतो. चोरी अंड्यात पकडली गेली याचं कारण चोर तिथे जास्त होते असं नाही. अंडं रोज विकत घेणारे लाखो लेखापरीक्षक त्या देशात होते.

याच्या उलट टोकाला बेअरिंग ठेवा. बोफोर्सच्याच आराखड्यांवरून जबलपूरच्या कारखान्यात ‘धनुष’ ही तोफ तयार झाली. २०१७ मध्ये सीबीआयनं दिल्लीतल्या एका पुरवठादारावर गुन्हा नोंदवला. आरोप असा की तोफेसाठी जर्मन म्हणून दिलेली बेअरिंग्ज चिनी बनावटीची होती आणि वर ‘मेड इन जर्मनी’ असा शिक्का होता. बेअरिंग हातात घेऊन तुम्ही-मी काय सांगणार? अंडं असतं तर फोडून पाहिलं असतं.

५. रडार घ्या, पुस्तकं नंतर बघू

आता मामा परत येतो.

टांझानिया हा तेव्हा जगातल्या अतिगरीब देशांपैकी एक. या शतकाच्या सुरुवातीला त्यानं ब्रिटनच्या बीएई कंपनीकडून लष्करी दर्जाचं रडार घेतलं, किंमत सुमारे चार कोटी डॉलर. ब्रिटनच्याच मंत्रिमंडळातल्या विकास खात्याच्या मंत्री क्लेअर शॉर्ट यांनी विरोध केला. जागतिक बँकेचंही म्हणणं होतं की एवढं महागडं यंत्र या देशाला नको. तरी सौदा झाला. नंतर उघड झालं की स्थानिक मध्यस्थाच्या कंपन्यांकडे जवळपास एक कोटी चोवीस लाख डॉलर गेले होते. शंभरातले एकतीस.

बोफोर्सची टक्केवारी यापुढे बाळबोध वाटते. पण एकतीस टक्क्यांपेक्षा उरलेले एकोणसत्तर टक्के जास्त बोचतात. लाच बाजूला काढली तरी ते पैसे नको असलेल्या वस्तूवर गेले. मांडवात धूर निघाला.

या गोष्टीला एक दुर्मीळ शेपूट आहे. डिसेंबर २०१० मध्ये लंडनच्या न्यायालयात कंपनीनं हिशेब नीट न ठेवल्याचा गुन्हा कबूल केला. लाचेचा नव्हे, हिशेबाचा! पाच लाख पौंड दंड झाला आणि दोन कोटी पंचाण्णव लाख पौंड कंपनीनं टांझानियाच्या जनतेला द्यायचे ठरले. त्यातून प्राथमिक शाळांसाठी पाठ्यपुस्तकं आणि बाकं घेतली गेली. आधी काय घ्यायला हवं होतं, याचं उत्तर दहा वर्षांनी असं मिळालं.

दक्षिण आफ्रिकेत रक्कम फार मोठी होती. वर्णभेदाची राजवट जाऊन पाच वर्षं झाली होती, सीमेवर शत्रू नव्हता. १९९९ मध्ये सरकारनं सुमारे तीन हजार कोटी रँडची शस्त्रं घ्यायचं ठरवलं: लढाऊ विमानं, तीन पाणबुड्या, चार युद्धनौका, हेलिकॉप्टरं. त्याच काळात देशात एड्सनं माणसं मरत होती आणि औषधं परवडत नाहीत असं सरकार सांगत होतं. बाळाला आईकडून होणारा संसर्ग टाळणारं औषध द्या, हे २००२ मध्ये तिथल्या घटनात्मक न्यायालयाला सांगावं लागलं. संसदेच्या संरक्षण समितीचे अध्यक्ष टोनी येंगेनी यांना एका आलिशान मर्सिडीज गाडीवर घसघशीत सवलत मिळाली होती. ती लपवल्याबद्दल २००३ मध्ये त्यांना शिक्षा झाली. शस्त्रं अब्जावधींची आणि सवलत एका गाडीवर. या विसंगतीकडे आपण येऊच.

हे दोन-चार देशांचे किस्से झाले. सगळीकडे असंच असतं का? आंतरराष्ट्रीय नाणेनिधीतल्या संजीव गुप्ता, लुईझ डी मेलो आणि राजू शरण यांनी सुमारे १२० देशांची १९८५ ते १९९८ मधली आकडेवारी तपासली. जिथे भ्रष्टाचार जास्त, तिथे राष्ट्रीय उत्पन्नातला आणि सरकारी खर्चातला लष्कराचा वाटाही जास्त, असा संबंध त्यांना दिसला. त्याआधी अर्थशास्त्रज्ञ पाओलो मॉरो यांना उलट बाजू दिसली होती: भ्रष्ट सरकारं शिक्षणावर कमी खर्च करतात. खडू, फळा आणि मास्तरांचा पगार यांचा भाव गावाला ठाऊक असतो. वरण-भातच तो.

सबुरीनं घ्या, मात्र. दोन गोष्टी एकत्र दिसल्या म्हणजे एकीमुळे दुसरी झाली असं होत नाही. हुकूमशहा लष्करावरही उधळतो आणि पैसेही खातो. मूळ रोग तिसराच असू शकतो. आणि ज्याच्या सीमेवर खरंच शत्रू बसलाय, त्याचा खर्च जास्त असला म्हणून त्याला चोर म्हणता येत नाही. आपण त्या रांगेत आहोत.

६. कागदावरचे शिपाई

सगळी चोरी खरेदीत होत नाही. पगारातही होते, आणि ही युक्ती फार जुनी आहे. अकबरानं १५७० च्या दशकात घोड्यांना डाग द्यायची आणि शिपायांचे ‘चेहरे’ लिहून ठेवायची पद्धत लावली, कारण सरदार हजार स्वारांचे पैसे घेत आणि गणतीच्या दिवशी उसने घोडे आणून उभे करत. आपल्या पेशवाईतही कारभाऱ्यांना आणि हिशेब तपासणाऱ्यांना द्यायच्या रकमांसाठी ‘दरबारखर्च’ असं छान नाव होतं, आणि गुपचूप द्यायच्या त्या ‘अंतस्थ’. लाच हिशेबात मांडायला खातं होतं म्हणजे पाहा.

जून २०१४ मध्ये इराकचं मोसूल शहर इस्लामिक स्टेटच्या तुलनेनं थोड्या लढवय्यांपुढे काही दिवसांत पडलं. कागदावर इराकी फौज प्रचंड होती. त्याच वर्षाअखेर पंतप्रधान हैदर अल-अबादी यांनी संसदेत सांगितलं की पहिल्याच चाचपणीत पन्नास हजार शिपाई असे सापडले, जे अस्तित्वातच नाहीत. पगार मात्र निघतोय. इराकी बोलीत अशांना अंतराळातली माणसं म्हणतात. पन्नास हजार पगार गेले हा झाला लाचेचा आकडा. शहर गेलं, तो खर्च.

७. एवढी स्वस्त का?

मर्सिडीजकडे परत येऊ. गॉर्डन टुलक या अर्थशास्त्रज्ञाला हेच कोडं पडलं होतं: मर्जीची किंमत कोट्यवधींची असताना ती इतक्या स्वस्तात कशी विकली जाते? मार्च २००१ मध्ये आपल्याकडे ‘तहलका’ या संकेतस्थळाच्या पत्रकारांनी उघड केलं की एक बनावट शस्त्रकंपनी उभी करून त्यांनी छुप्या कॅमेऱ्यासमोर सत्ताधारी पक्षाच्या अध्यक्षांना, बंगारू लक्ष्मण यांना, पैसे दिले होते. रक्कम होती एक लाख रुपये. २०१२ मध्ये त्यांना चार वर्षांची शिक्षा झाली.

एक कारण सरळ आहे. मर्जी विकणारा स्वतःची वस्तू विकत नसतो. वधूपित्याचे पैसे उधळायला मामाला काही पडत नाही, म्हणून वीस रुपयांतही तो राजी होतो. दुसरं म्हणजे अनेक मामा रांगेत उभे असतात; एकानं भाव चढवला तर केटरर पुढच्याकडे जातो.

आणि देणाऱ्यालाही फारसं महाग पडत नसे. अमेरिकेनं लॉकहीड कंपनीच्या लाचखोरीनंतर १९७७ मध्ये परदेशात लाच देणं गुन्हा ठरवलं. जर्मनीत मात्र १९९९ पर्यंत कंपन्या परदेशी लाच ‘उपयुक्त खर्च’ म्हणून दाखवून त्यावर करसवलत घेत. आपला दरबारखर्च निदान मोडी लिपीत तरी होता.

८. ताक फुंकून पिताना

आता सुरुवातीच्या प्रश्नाकडे. तोफ चांगली होती. मग?

करारात तोफा पुढे भारतातच बनवण्याची तरतूद होती. त्यासाठीचे आराखडे, कागदपत्रं आली होती. बोफोर्सचं नाव घेणंच पाप झाल्यावर ती कागदपत्रं तशीच पडून राहिली. त्यांच्यावरून बनलेली ‘धनुष’ लष्कराच्या हाती पडली एप्रिल २०१९ मध्ये. मूळ करारानंतर तेहतीस वर्षांनी.

मधल्या काळात नवी तोफ घ्यायचे प्रयत्न झाले नाहीत असं नाही. ते होत, आणि मोडत. २००५ मध्ये दक्षिण आफ्रिकेच्या डेनेल कंपनीवर दुसऱ्याच एका सौद्यातल्या दलालीचा संशय आला; ती काळ्या यादीत गेली. तोफेच्या स्पर्धेतून एक भिडू बाद. २०१२ मध्ये आयुध निर्माणी मंडळाच्या लाच प्रकरणात सहा कंपन्यांवर दहा वर्षांची बंदी आली. त्यांत सिंगापूरची एक कंपनी होती, जिची हलकी तोफ चाचणीसाठी भारतात येऊन पोहोचलेली होती. दुसरा भिडू बाद. आता मैदानात एकच विक्रेता उरला, की नियम आडवा येई: एकाच निविदेवर खरेदी नको, त्यात भ्रष्टाचार होतो. निविदा रद्द. पुन्हा श्रीगणेशा.

क्लिटगार्डचं सूत्र आठवा. भ्रष्टाचाराच्या भीतीनं कंपन्या वगळत गेलो आणि हाती आली मक्तेदारी, म्हणजे त्याच सूत्रातला पहिला अवयव. मंत्रालयातल्या फायलीवर सही करणाऱ्याचंही गणित बदललं. सही केली आणि पुढे काही निघालं, तर वीस वर्षं सीबीआय दारात. सही केली नाही, तर तोफ आली नाही एवढंच. तोफ न आल्याबद्दल आजवर कुणावर गुन्हा दाखल झालेला नाही. फाईल ‘अधिक स्पष्टीकरणासाठी’ परत पाठवणारा अधिकारी आळशी नसतो, तो हिशेबी असतो. चौकशीचा खर्चही वेगळाच. २००५ मध्ये निकाल देताना दिल्ली उच्च न्यायालयानं म्हटलं की या तपासापायी सरकारी तिजोरीचे सुमारे अडीचशे कोटी गेले. ६४ कोटींच्या शोधात अडीचशे.

याचा अर्थ चौकशी करू नये असा कुणी काढला तर ती पळवाट होईल. गुन्ह्याची शिक्षा माणसाला व्हायला हवी होती. ती चाळीस वर्षांत एकाही माणसाला झाली नाही आणि आपण तोफेला शिक्षा करत बसलो. माझ्या मते बोफोर्सचं खरं नुकसान हे आहे, आणि त्याचा आकडा कोणत्याही आरोपपत्रात नाही.

२४ मार्च १९८६ नंतर भारतानं १५५ मिलिमीटरच्या नव्या तोफेसाठी पुढचा करार केला, तो ३० नोव्हेंबर २०१६ रोजी, १४५ अमेरिकी एम-७७७ तोफांचा. विक्रेता निवडायला वाव नव्हता म्हणून तो सरकार-ते-सरकार झाला. बोफोर्सचा करार झाला त्या वर्षी बाविसाव्या वर्षी तोफखान्यात रुजू झालेला सेकंड लेफ्टनंट त्या दिवशी बावन्न वर्षांचा होता. कर्नल चोपन्नाव्या वर्षी निवृत्त होतो.